अप्पांच्या कमरेचा नंबर

वीरभद्रअप्पांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते उभ्यानं जेवत होते. खिडकीच्या कट्ट्यावर ताट, ताटात ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी, डावा हात कमरेवर आणि नजर रस्त्यावर. मी भाड्यानं खोली बघायला गेले होते. मला वाटलं, कुठंतरी निघालेत, गाडी चुकेल म्हणून घाई चाललीय.

"तुमचं जेवण होऊ द्या, मी थांबते," मी म्हणाले.

"थांबा की. पण बसा म्हणणार न्हाई. बसण्यावर माझा भरोसाच उडालाय."

बसलं की त्यांच्या कमरेत कळ यायची आणि उठलं की ती मांडीपर्यंत उतरायची. म्हणून अप्पा उभ्यानं जेवत, उभ्यानं पेपर वाचत, उभ्यानं चहा घेत. लग्नाच्या पंगतीतसुद्धा ताट हातात घेऊन मांडवाच्या खांबाला टेकून उभे राहत. लोकांना ते वाढपी वाटायचे. दोन-चार जण हमखास त्यांच्याकडे मीठ मागायचे. अप्पा ते आणून द्यायचे आणि देता देता विचारायचे, "कंबर काय म्हणती?"

तेव्हा लातूर नुकतंच जिल्हा झालं होतं. कचेऱ्यांच्या पाट्या नव्या आणि आतल्या खुर्च्या जुन्या. त्याच सुमाराला पावसानं जी पाठ फिरवली ती फिरवलीच. अप्पा म्हणायचे, "आधी पाणी होतं, साहेब नव्हते. आता साहेब लई झालेत, पाणी न्हाई."

मी मूळची लोह्याची. सरकारी दवाखान्यात नवीन नोकरी लागली म्हणून लातूरला आले होते. अप्पांनी भाकरी चावत चावत माझी चौकशी केली.

"दवाखान्यात काय करता? नर्स हाव का?"

"नाही. रेकॉर्डला आहे. डॉक्टर कागदावर आजाराचं नाव लिहितात, मी त्याच्यापुढं त्या आजाराचा नंबर टाकते. त्याचं एक मोठं पुस्तक असतं. सगळ्या जगात एका आजाराला एकच नंबर."

अप्पांचा घास हातातच राहिला. "सगळ्या जगात? अमेरिकेत बी?"

"अमेरिकेत पण."

"खोली तुमची," अप्पा म्हणाले. "सामान आणा."

खोलीला खिडकी आहे का, हे बघायचं राहूनच गेलं. नव्हती.

सामान आणलं त्या दिवशी लक्षात आलं की अप्पांच्या मधल्या खोलीला दारही नाही. चौकट होती, बिजागऱ्या होत्या, दार नव्हतं. ते आत जमिनीवर आडवं होतं आणि त्यावर एक चादर घातलेली होती. कुणीतरी त्यांना सांगितलं होतं, कमरेला कडक बिछाना पाहिजे. बाजारातली फळी अप्पांना पसंत पडेना. शेवटी त्यांनी सुताराला बोलावून घरचं सागवानी दार उतरवून घेतलं. कडी मात्र काढायची राहिली होती. कूस बदलली की ती वाजायची आणि मला वरच्या खोलीत वाटायचं, खाली कुणीतरी आलंय.

अप्पांचं सगळं आयुष्य गंजात, म्हणजे धान्याच्या बाजारात, आडतीवर गेलेलं. तूर, हरभरा, करडई. आता आडत पुतण्या बघत होता, पण अप्पांचा हात तोच होता. काहीही समोर आलं की ते मनातल्या मनात तळहातावर घेऊन फुंकर मारायचे आणि निकाल द्यायचे. चहा अव्वल, पेपर मध्यम, नवीन आलेला तहसीलदार 'जरा खडा हाय'. माझ्याबरोबर राहायला आलेल्या आईला त्यांनी पहिल्याच भेटीत अव्वल ठरवलं, कारण तिनं न सांगता गरम विटेचा शेक सुचवला.

शेक, मालिश, मिठाची पुरचुंडी, औशाच्या कुणा जाणत्यानं दिलेलं तेल, सगळं करून झालं होतं. त्या तेलाला असा वास होता की अप्पा गल्लीत शिरले की मांजरं बाहेर पडत. शेवटी मी त्यांना दवाखान्यात हाडांच्या डॉक्टरांकडं नेलं.

एक्स-रेच्या खोलीत पहिला तंटा झाला. तिथला माणूस म्हणाला, गळ्यातली चांदीची डबी काढून ठेवा, फोटोत येते. डबीत इष्टलिंग. अप्पा म्हणाले, "ते लहानपणी गळ्यात पडलंय, ते माझ्याबरोबरच जाईल. फोटोत आलं तर येऊ द्या. डॉक्टरला बी दर्शन होईल." शेवटी डबी खांद्यावरून पाठीमागं, मग मानेशी, मग डोक्यावर असा प्रवास करून फोटो निघाला.

डॉक्टर तरुण होते, स्वभावानं चांगले. त्यांनी फोटो उजेडापुढं धरला. "आजोबा, हाडं एकदम चांगली आहेत. काही नाही."

"हाडं चांगली हायत, तर मंग दुखून कोण राहिलंय?"

डॉक्टर हसले. "काही जड उचललं होतं का?"

"मी?" अप्पा खिडकीबाहेर बघत म्हणाले. "आडतीवर हमाल हायत. मी आयुष्यात पिशवी उचलली न्हाई."

डॉक्टरांनी त्यांना थोडे दिवस भरती करून घेतलं. पलंगावर झोपवून पायाला वजनं बांधायची आणि कंबर ताणायची, असा तो उपचार. अप्पा आडवे झाले, वॉर्डबॉयनं वजन लटकवलं आणि अप्पांनी मान वर करून विचारलं, "हे वजन पासिंगचं हाय का? शिक्का दाखवा." शिक्का नव्हता. मग मापात खोट असलेल्या वजनावर सरकारनं माणसाला टांगावं का, यावर अप्पांनी पडल्या पडल्या पूर्ण वॉर्डाला भाषण दिलं. शेजारच्या खाटेवरचा नायगावचा पाहुणा, पाय मोडलेला, हसता हसता कळवळला.

अप्पांना घरी सोडलं त्या दिवशी त्यांचा कागद माझ्या टेबलावर आला. मागोमाग अप्पाच आले. रेकॉर्डची खोली म्हणजे पूर्वीचं भांडार. तिथं फिनेलचा वास आणि छतापर्यंत गठ्ठे. अप्पा टेबलासमोर उभे राहिले.

"काढा पुस्तक."

मी पुस्तक काढलं. डॉक्टरांनी लिहिलं होतं 'कमरदुखी' आणि कारणाच्या जागी प्रश्नचिन्ह. पुस्तकात असल्या दुखण्यांची एक जागा होती. मी म्हणाले, "सातशे चोवीस."

"वर काय लिहिलंय? मराठीत सांगा."

"पाठीचे इतर आणि नक्की न सांगता येणारे विकार."

"इतर?" अप्पांचा आवाज चढला. "सुमनबाई, गंजात तुरीची परतवारी होती. अव्वल, मध्यम, हलकी. आन् ज्याच्यात जीव न्हाई, किडका, फुटका, खडा-माती, त्याला आम्ही 'इतर' म्हणतो. त्याच्याकडं गिऱ्हाईक बघत बी न्हाई. झाडूनं बाजूला सारतेत. माझी कंबर 'इतर'?"

"तसं नाही अप्पा. ज्याचं कारण डॉक्टरला सापडत नाही, ते सगळं तिथं जातं. आणि हे बघा, पुढं पॉइंट आहे. पॉइंटच्या पुढं दोन म्हणजे खास कमरेचं."

"पॉइंटापुढं खास?"

"खास."

ते जरा शांत झाले. वाकता येत नव्हतं, म्हणून मी पुस्तक वर धरलं आणि त्यांनी त्या ओळीवर बोट ठेवलं. इंग्रजी त्यांना येत नव्हतं, तरी बोट बराच वेळ तिथंच होतं.

"छापलेलं हाय," ते म्हणाले.

"हो."

"म्हंजे कारण सापडो न सापडो, दुखणं हाय असं जगानं मान्य केलंय."

"तसंच."

"बायांना बी ह्योच नंबर का?"

मला प्रश्न विचित्र वाटला. "बाई असो का बाप्या, नंबर एकच."

"मंग बरं," म्हणून अप्पा निघून गेले.

त्या दिवसापासून आमच्या गल्लीत कमरदुखीचं नाव बदललं. "आज सातशे चोवीस लई बोलून राहिलाय," अप्पा सकाळी जाहीर करायचे. पोस्टमन सायकलवरून उतरताना कण्हला, की अप्पा त्याला अडवून नंबर देऊन टाकायचे. किराणा दुकानदाराला दिला, शाळेच्या हेडमास्तरांना दिला. हेडमास्तरांचं खरं तर गुडघ्याचं दुखणं होतं, पण अप्पांनी ऐकलं नाही. लोक माझ्याकडं यायचे आणि हळूच विचारायचे, "बाई, हे अप्पा म्हणतेत ते काय हाय? लॉटरी हाय का?"

बापयांना ते नुसता नंबर द्यायचे. बायकांच्या मात्र मागंच लागायचे. आमच्या वाड्यातला आड मी येण्याआधीच आटला होता. पाण्याचा टँकर चौकात यायचा आणि तिथं घागरींची झुंबड उडायची. अप्पा त्या गर्दीत उभे राहून ओरडायचे, "एका खेपंला एकच घागर! डोक्यावर एक, कमरंवर एक चालणार न्हाई! कंबर सरकारी न्हाई, सोताची हाय!"

शेजारच्या सकिनाबी एकदा वैतागल्या. दोन्ही घागरी खाली ठेवून म्हणाल्या, "अप्पा, एक एक घागर ले जाऊं तो चूल्हा कब जलाऊं? तुमीच बोलो."

अप्पांनी धोतराचा सोगा खोचला आणि सकिनाबींची दुसरी घागर स्वतः उचलली. त्यांच्या दारापर्यंत नेली. तिथून आमच्या दारापर्यंत अप्पांना दोघांनी धरून आणलं. पुढचे दोन दिवस खालून नुसती कडी वाजत होती.

मला वाटायचं, रिकामपणाचे उद्योग. बायको वारलेली, मुलगा नांदेडला नोकरीत, घरात बोलायला कुणी नाही. माणसाला वेळ घालवायला काहीतरी लागतं. कुणी पेटी वाजवतं, कुणी पत्ते खेळतं, अप्पांनी कंबर घेतली.

उन्हाळ्याच्या सुटीत मुलगा आणि सून आले. मुलगा बसवराज, अंगानं भरलेला, हसरा, मोठ्या आवाजाचा. सून महानंदा कमी बोलणारी. नांदेडला ते तिसऱ्या मजल्यावर राहायचे आणि पाण्याचा नळ खाली अंगणात होता. महानंदा भाकरी थापून उठायची तेव्हा एका टप्प्यावर थांबायची. अर्धी वाकलेली, एक हात भिंतीला. मग हळूहळू सरळ व्हायची आणि कुणी बघितलं का, हे बघायची.

अप्पांनी बघितलं.

"पोरी, कंबर काय म्हणती?"

"काही न्हाई मामंजी."

बसवराज पेपरातून डोकं वर काढून म्हणाला, "अप्पा, तिला काही होत नाही. आमच्याकडं पण असंच. काम निघालं की हिची कंबर निघते."

तो हसला. महानंदाही जरा हसली. एरवी अप्पा या वाक्यावर काहीतरी तिरकं बोलले असते. आज त्यांनी अर्धी भाकरी ताटात ठेवली, हात धुतला आणि उन्हात बाहेर निघून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी रेकॉर्डच्या खोलीत होते. शिपाई धावत आला. "बाई, तुमचे घरमालक बायांच्या लायनीत भांडून राहिलेत."

केसपेपरच्या खिडकीपुढं बायकांची रांग आणि त्या रांगेच्या बरोबर मधे अप्पा, पांढरी टोपी घालून. पुढच्या-मागच्या दोघी त्यांना ढकलत होत्या.

"आजोबा, बापयांची लाईन तिकडं!"

"मला म्हाईत हाय. मी माझ्यासाठी न्हाई उभा. मी माझ्या सुनंच्या कमरंच्या जागी उभा हाय. तिला उभं करू काय? तिचीच दुखून राहिलीय."

महानंदा बाकावर बसली होती, पदर तोंडाला लावून. लाजत होती की हसत होती, कळत नव्हतं. अप्पांनी रांग सोडली नाही. केसपेपर घेतला, डॉक्टरांना दाखवलं, डॉक्टरांनी फोटो काढायला सांगितला.

मी एक्स-रेच्या खोलीपाशी पोचले तेव्हा दार बंद झालं होतं. महानंदा आत होती. बाहेर अप्पा उभे. काखेत तिची पर्स आणि दोन्ही हातांत तिच्या चपला, तळव्याला तळवा लावून धरलेल्या. दवाखान्यात चपला चोरीला जातात, हे खरं. पण सासऱ्यानं सुनेच्या चपला अशा छातीशी धरलेल्या आमच्याकडं कुणी बघितल्या नव्हत्या. येणारे-जाणारे थबकत होते. एक म्हातारा तर पुढं जाऊन परत आला.

"अप्पा, द्या इकडं, मी धरते," मी म्हणाले.

"राहू द्या."

मी त्यांच्याजवळ उभी राहिले. ते दाराकडं बघत होते. मग मान न वळवता बोलू लागले.

"डॉक्टरला मी खोटं बोललो, सुमनबाई. मी उचललं होतं."

"काय?"

"कळशी. आमची मंडळी गेली आन् त्याच साली पाणी खाली गेलं. आडाला लांब दोर लागायला लागला. घरात दुसरं कोण हाय? मीच गेलो आडावर. आयुष्यात पहिल्यांदा. गंजातला आडत्या, पाणी वढून राहिलाय, कुणी बघितलं तर काय म्हणल? म्हणून पहाटंच गेलो. पहिली कळशी आली. दुसरी निम्म्यावर आली आन् कमरंत अशी चमक निघाली, दोर हातातून सुटला. कळशी गेली खाली. मी तिथंच आडाच्या काठाला बसलो. उठताच येईना."

आत कुणीतरी महानंदाला श्वास धरायला सांगत होतं.

"तिथं बसल्या बसल्या मला आठवलं. ती बी अशीच बसायची. पाणी वढून झालं की आडाच्या काठाला, कंबर धरून. मला म्हणायची, अव्हो, कंबर लई धरलीय. मी म्हणायचो, तुला काय धाड भरलीय? दोन वेळचं जेवण, बसून तर असतीस." त्यांनी चपला जरा घट्ट धरल्या. "ती मंग म्हणायचीच बंद झाली. मला वाटलं, बरी झाली."

त्यांच्या काखेतून घसरणारी पर्स मी सावरली.

"तुमच्या बुकात नंबर निघाला, तवा मला लई बरं वाटलं. आन् लई वाईट बी वाटलं. नंबर हाय म्हंजे दुखणं खरं. माझं खरं, तर तिचं बी खरंच होतं की." आता त्यांनी माझ्याकडं बघितलं. "तिला मिळतो का हो नंबर? आता?"

मी म्हणाले, "अप्पा, त्याला केसपेपर लागतो. दवाखान्यात आलेल्याचंच लिहिता येतं."

"हाव," ते म्हणाले. "आणलंच न्हाई मी तिला."

दार उघडलं. महानंदा बाहेर आली, पायाखाली बघत, चपला शोधत. अप्पा वाकले. त्यांना वाकता येत नव्हतं, हे सगळ्या दवाखान्याला माहीत होतं. भिंतीला एक हात लावून, चेहरा आक्रसून ते खाली गेले आणि चपला तिच्या पायांपुढं नीट जोडून ठेवल्या.

"मामंजी!" ती दचकून मागं सरली. "अव्हो, हे काय करून राहिलात?"

"घाल," ते खालूनच म्हणाले. "आन् मला वर वढा दोघी मिळून."

डॉक्टरांनी फोटो बघितला. हाडं चांगली होती. ते म्हणाले, "घाबरायचं कारण नाही. पण ताण पडलाय. काही महिने जड उचलायचं नाही, पाणी तर अजिबात नाही."

बसवराज तोवर येऊन पोचला होता. अप्पांनी त्याला दंडाला धरून पुढं केलं.

"साहेब, हे जरा मोठ्यानं सांगा. ह्याला कमी ऐकू येतं."

"मला?" बसवराज म्हणाला.

"हाव. घराणंच तसं हाय आमचं. बायकांचं बोलणं ऐकू येत न्हाई."

डॉक्टरांनी मोठ्यानं सांगितलं. सगळ्या ओपीडीनं ऐकलं. बसवराजनं मान खाली घातली, मग महानंदाकडं बघितलं. त्याच्या मानानं फारच हळू आवाजात, त्यानं विचारलं, "कधीपासून दुखतंय गं?"

महानंदानं उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि तिला रडूच आलं.

सुटी संपल्यावर अप्पाही त्यांच्याबरोबर नांदेडला निघाले. आईनं विचारलं, "एवढ्या उन्हात? कशाला?" अप्पा म्हणाले, "पोरगा चांगला हाय, पण विसरंल. मी तिथं जिन्यात उभा राहतो. घागर कोण घेऊन चढतंय ते बघतो." वाड्याची किल्ली त्यांनी माझ्याकडं दिली आणि मधल्या खोलीचं दार परत चौकटीत बसवून घ्यायलाही सांगितलं.

मी स्टँडवर पोचवायला गेले. गाडी भरली होती. बसवराज सामान घेऊन मधे उभा राहिला. दोनच जागा उरल्या होत्या, एक पुढं ड्रायव्हरच्या मागं आणि एक अगदी शेवटच्या बाकावर, चाकांच्या वर. नांदेडचा रस्ता तेव्हा निम्मा उखडलेला होता. महानंदा मागं जायला निघाली, तशी अप्पांनी वाट अडवली. तिला पुढं बसवलं आणि माणसांच्या पायांतून वाट काढत स्वतः शेवटच्या बाकावर जाऊन बसले.

गाडी स्टँडाच्या फाटकातून बाहेर वळली आणि पहिल्याच खड्ड्यात आदळली. मागच्या काचेतून अप्पा बाकावरून उडालेले दिसले. टोपी तिरकी झाली. ते सावरले आणि मान उंच करून, सगळ्यांच्या डोक्यांवरून, महानंदा नीट बसलीय का ते बघू लागले.